कोल्हापूरचं कातडं तुकड्यानं विका, आणि शिकवायला कारागीरच बसवा

मा. संपादक साहेब,
स.न.वि.वि.

जून २०२५ मध्ये मिलानच्या फॅशन शोमध्ये प्राडा कंपनीनं कोल्हापुरीसारखी चप्पल दाखवली आणि तेव्हापासून पेपरात, टीव्हीवर, व्हॉट्सअ‍ॅपवर सगळीकडे कोल्हापुरीच कोल्हापुरी झालं, मग जीआय टॅगची, म्हणजे ठरावीक भागातल्याच मालाला मिळणाऱ्या नावाच्या हक्काची, चर्चा झाली, नंतर त्या कंपनीचा आपल्या लिडकॉम ह्या सरकारी चर्मोद्योग महामंडळाबरोबर आणि कर्नाटकच्या लिडकर ह्या तशाच महामंडळाबरोबर करारही झाला. सगळं वाचलं, बरं वाटलं. पण एवढ्या लिखाणात चप्पल ज्याची बनते त्या कातड्याबद्दल मला चार ओळी कुठे वाचायला मिळाल्या नाहीत. ते कातडं साध्या माणसाला विकत मिळतं का, आणि ते हाताळायची विद्या ज्यांच्याकडे आहे त्यांच्याकडून इतरांना ती शिकता येते का, हे दोन प्रश्न विचारायचेत म्हणून हे पत्र.

मी कणकवलीला असते, ब्लाउज-ड्रेस शिवायचं काम करते आणि मधल्या वेळात घरी हातानं लेदरची पाकिटं बनवते. सुरवात घरच्यांसाठी केली, आता ओळखीतलेही मागतात. स्वयंपाकाच्या ओट्यावर जेवढी जागा होते तेवढ्यात पाकीट होतं, त्याला वर्कशॉप लागत नाही, हे मला सगळ्यात आधी सांगायचंय कारण लोकांना वाटतं लेदर म्हणजे फॅक्टरीचं काम.

पाकिटाकडे वळायचं कारण म्हणजे आमच्या कोकणातला पाऊस. बाजारातलं पाकीट इथे दोन पावसाळे काढत नाही. बरीचशी पाकिटं पीयूची असतात, म्हणजे कापडावर प्लास्टिकचा थर, आणि हा थर दमट हवेत आपोआप कुजतो, वापरा नाहीतर नुसतं कपाटात ठेवा, पापुद्रे सुटतात आणि काळे कण बोटाला लागतात. त्यावर 'जेन्युइन लेदर' छापलं असलं म्हणून निश्चिंत होऊ नका. कातडं जाड असतं, ते आडवं चिरून त्याचे थर काढतात, वरचा जो दाणेदार थर असतो त्यात खरी ताकद असते, खालचा थर भुसभुशीत, त्याच्यावर प्लास्टिकचा पातळ पडदा चिकटवून वरच्या थरासारखी नक्षी दाबतात. तेही कातडंच आहे, त्यामुळे शिक्का खोटा म्हणता येत नाही. आणखी एक बाँडेड लेदर म्हणून असतं, त्यात तर कातडं कापताना पडलेला चुरा गोंदानं एकत्र केलेला असतो. गिऱ्हाइकाला हे कळणार कसं, कारण पाकिटाची कड दुमडून आत शिवून टाकलेली असते आणि कातड्याची ओळख असते ती कापलेल्या कडेत. स्वतः कापायला लागलं की एका कटमध्ये समजतं आपल्या हातात काय आहे.

आता मापाचं सांगते कारण ह्यात आपल्याकडच्या लोकांची अडचण होते. नेटवर पाकिटाचे पॅटर्न ढिगानं आहेत पण बरेचसे डॉलरवर बेतलेले. अमेरिकेची प्रत्येक नोट एकाच मापाची, साधारण १५६ बाय ६६ मिलिमीटर. आपली नवी ५०० ची नोट १५० बाय ६६, मग २०० ची १४६, १०० ची १४२, ५० ची १३५, ह्या सगळ्यांची उंची ६६ च, आणि २० अन् १० च्या नव्या नोटा ६३ उंचीच्या. म्हणजे डॉलरचा पॅटर्न आपल्याला चालायला पाहिजे, आणि चालतोही, जुनी शंभराची नोट येईपर्यंत. ती १५७ बाय ७३ आहे, अजून चलनात आहे, बाजारात रोज हातात येते, आणि ती सात मिलिमीटर वर डोकावते, मग तिची कड दुमडते आणि तिथूनच फाटते. म्हणून मी नोटेचा कप्पा शिवण सोडून आतून ७६ धरते, पूर्ण पाकीट ८८ च्या आसपास उंच होतं. जुन्या माणसांची पाकिटं एवढी मोठी का असायची तेही ह्यातूनच कळतं, नोटबंदीच्या आधीची ५०० ची नोट १६७ लांब होती आणि हजाराची १७७, दोन्ही ७३ उंच, तेवढ्या पाकिटात आजची नोट आडवी पडून राहते.

कार्डाचं त्या मानानं सोपं. एटीएम, पॅन, लायसन्स, आधारचं प्लास्टिकवालं कार्ड, सगळी ८५.६ बाय ५४, जगभर तेच माप. कप्पा आतून ८८ आणि दोन्हीकडे शिवणीला चार चार, म्हणजे ९६. दोन बाजूंना दोन कप्पे आणि मध्ये घडीला सात-आठ मिलिमीटर मोकळं सोडलं की उघडं पाकीट २०० च्या आसपास येतं. ह्यात एक गोष्ट फार महत्त्वाची आहे, बाहेरचं पान आतल्या पानापेक्षा चार-पाच मिलिमीटर लांब लागतं, नाहीतर पाकीट मिटतच नाही, मिटलं तर आतलं कातडं चुरगळतं. शिवणकाम करणाऱ्या बायकांना हे लगेच कळेल, कॉलरचं वरचं कापड खालच्यापेक्षा किंचित मोठं ठेवावं लागतं तसंच हे.

जाडीकडे लक्ष द्यायला हवं. बाहेरचं पान सव्वा ते दीड मिलिमीटर, आतले कप्पे पाऊण मिलिमीटर किंवा त्याहून पातळ. एकाखाली एक तीन कप्पे नुसते रचले तर कडेला सगळे थर मिळून पाकीट तिथे विटेएवढं जाड होतं, म्हणून मधले कप्पे इंग्रजी टी अक्षरासारखे कापायचे, वरचे दोन कान फक्त शिवणीत जातात, खालचा भाग आत सुटा लोंबतो आणि त्याच्या तळाला एक आडवी शिवण. पुठ्ठ्याचा साचा आधी करून त्यात खरी नोट आणि खरी कार्डं घालून बघायची, पुठ्ठ्याचे पैसे पडत नाहीत, कातड्याचे पडतात.

शिवणीबद्दल मात्र मी जरा जास्त लिहिणार आहे कारण ते माझं रोजचं काम आहे. घरच्या मशीनवर कापडाला जी टीप बसते तिच्यात दोन दोरे असतात, एक वरचा आणि एक बॉबिनचा, ते कापडाच्या मध्ये एकमेकांत अडकतात, म्हणून एक तुटला की पुढच्या टिपा उसवत जातात. हातानं दोन सुयांनी जी शिवण घालतात तिच्यात दोरा एकच, त्याच्या दोन टोकांना दोन सुया, आणि प्रत्येक भोकातून डावीकडची सुई उजवीकडे आणि उजवीकडची डावीकडे. एका जागी दोरा झिजून तुटला तरी दुसऱ्या बाजूनं गेलेला दोरा पकडून ठेवतो. मी पाकिटाची शिवण मुद्दाम एका जागी ब्लेडनं कापून ओढून बघितलीये, उसवत नाही. दोरा शिवणीच्या साधारण चौपट लांबीचा घ्यायचा, पॉलिएस्टरचा, मेण लावलेला. साधा दोरा असेल तर मधमाशीच्या मेणाच्या वडीवरून दोन-तीनदा ओढून घ्यायचा, मेणामुळे टीप जागेवर बसते, सरकत नाही. दर भोकाला आधी कुठल्या बाजूची सुई घालायची ते ठरवून शेवटपर्यंत तेच पाळायचं, तरच टीप एकसारखी तिरकी दिसते. शेवटी दोन टिपा मागे येऊन दोरा कापायचा आणि टोक लायटरनं किंचित वितळवून दाबायचं.

भोकं आधी पाडायची. कडेपासून तीन मिलिमीटरवर रेघ मारायला मुलांच्या कंपासपेटीतलं कर्कटक घ्या, त्याचं एक टोक कडेला बाहेरून टेकवून ओढत नेलं की कातड्यावर बारीक ओरखडा उठतो, तीच शिवणीची रेघ, पेन्सिल लागत नाही. त्या रेघेवर चार मिलिमीटरच्या अंतरानं भोकं, त्यासाठी दातेरी छिन्नी मिळते, ती लाकडी किंवा नायलॉनच्या हातोडीनं ठोकायची, लोखंडी हातोडीनं छिन्नीचं डोकं पसरतं. आणि टाचण्या अजिबात लावायच्या नाहीत! कापडातलं टाचणीचं भोक धुतल्यावर भरून येतं, कातड्यातलं जन्मभर राहतं, म्हणून ऑफिसात कागदांना लावतात ते बाइंडर क्लिप वापरायचे आणि त्याखाली कातड्याचा एखादा बारका तुकडा ठेवायचा म्हणजे वळ उठत नाही. सुई बोथट लागते, साध्या सुईचं टोक पॉलिश पेपरवर घासून मोडलं तरी काम होतं. चिकटवायला फेविकॉल एसआर, दोन्ही बाजूंना पातळ लावून दहा मिनिटं सुकू द्यायचं आणि मग दाबायचं, खिडकी उघडी ठेवून, कारण वास डोक्यात जातो.

ह्यातलं बरंचसं नेटवर सापडतं. पण कडा पातळ करायची युक्ती मला आमच्या बाजारात बसणाऱ्या एका चर्मकार काकांनी शिकवली. कडा पातळ केल्या नाहीत तर घडी आणि जोड जाड होतात. नेटवरचे लोक ह्यासाठी परदेशी चाकू दाखवतात, नाहीतर मशीन. काकांकडे एक रापी, म्हणजे कातडं कापायचं-सोलायचं हत्यार, तीसुद्धा वर्षानुवर्षं घासून निम्मी झालेली. ते कातडं दगडावर पसरतात, दोन बोटांनी कड ताणून धरतात, रापी जवळजवळ आडवी झोपवतात आणि एका ओढीत कागदासारखी कातरण निघते, जाडी बोटांनाच कळते, त्यांना मोजायला काही लागत नाही. आरीनं, म्हणजे आकडा असलेल्या टोच्यानं, शिवताना ते खालचा दोरा आकड्यानं वर ओढून त्या फाशातून दुसरं टोक ओवून घेतात, माझ्या दोन सुयांपेक्षा कितीतरी वेगानं. धार लावायची ती कशी आणि केव्हा, कातडं किती ओलं असताना कापायचं, जनावराच्या पाठीचा भाग कुठला आणि पोटाचा सैल भाग कुठला, पाकिटाचं बाहेरचं पान नेहमी पाठीतलं का घ्यायचं, हे सगळं त्यांनी काम करता करता सांगितलं. मी त्यांची विद्यार्थिनी आहे असं मी सगळ्यांना सांगते.

आता कातड्याकडे येते. दोन प्रकार मुख्य. एक क्रोमचं, क्रोमियमच्या क्षारात एक-दोन दिवसांत कमावलेलं, मऊ, रंगीत, पाणी बऱ्यापैकी सोसणारं, जगातलं बहुतेक लेदर हेच. दुसरं झाडाच्या सालीत कमावलेलं. पाकीट शिकायला दुसरंच चांगलं, कारण ते कापताना सरकत नाही, घडी धरून ठेवतं, आणि त्याच्या कडा घासून काचेसारख्या गुळगुळीत होतात. क्रोमच्या कडेला कितीही घासा, ती तंतूतंतूच राहते, मग तिला रंगाचे थर द्यावे लागतात. सालीच्या कातड्याची कड आधी बारीक पॉलिश पेपरनं, मग पाण्याचं बोट लावून जाड कापडानं जोरात घासली की चमकायला लागते. किराणा दुकानात गोंद कतिरा मिळतो, उन्हाळ्यात सरबतात घालतात तोच, तो रात्री भिजवून त्याची पातळ खळ लावली तर आणखी छान बसते, बाहेरून महागडी बाटली मागवायची काही गरज नाही. आणि रंग! नवीन असताना फिकट बदामी असतं, वापरून, हाताच्या तेलानं, उन्हानं मधासारखं होत जातं.

असं कातडं आपल्याच राज्यात, माझ्या घरापासून घाट चढून गेलं की कोल्हापुरात बनतं. सुभाषनगरात पिढ्यान्‌पिढ्या हे काम चालत आलंय. चुन्याच्या पाण्यात भिजवून केस काढायचे, खरवडायचं, मग बाभळीची साल आणि हिरडा यांच्या काढ्यात मुरवायचं. जुन्या पद्धतीत तर कातड्याचीच पिशवी शिवून ती टांगतात आणि काढा आत भरतात, तो हळूहळू झिरपत राहतो. महिना-दीड महिना जातो. हिरडा सह्याद्रीतला, बाभूळ देशावरची, म्हैस आपली. २०१९ मध्ये जीआय मिळाला तो महाराष्ट्रातले कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर आणि कर्नाटकातले चार, अशा आठ जिल्ह्यांतल्या चपलेला मिळाला, आणि त्या चपलेचा जीव ह्या कातड्यात आहे. तिला खिळा लागत नाही, वादीनं शिवतात, तेल पाजलं की वर्षानुवर्षं चालते.

पण मला पाकिटाला दीड चौरस फूट कातडं हवं असेल तर? चप्पल लाईनीत चपला मिळतात, हव्या तेवढ्या. कातडं मागायला गेलं तर अख्खं घ्या म्हणतात, आणि त्यांचंही बरोबर आहे, ते चपलेच्या तळासाठी बनवलेलं जाड कातडं आहे, एवढ्याशा तुकड्यासाठी पाठीतून कापून दिलं तर बाकीचं ते कुठे विकणार. वरच्या पट्ट्यांना आणि वेणीला बकऱ्याचं पातळ कातडं वापरतात, ते पाकिटाच्या आतल्या कप्प्यांना अगदी योग्य, तेही सुटं मिळत नाही. मग माझ्यासारख्या बायका काय करतात, ऑनलाइन बाहेरच्या राज्यातलं नाहीतर इटलीचं सांगून विकलं जाणारं कातडं मागवतात, ए-फोर कागदाएवढ्या तुकड्याला जेवढे पैसे जातात तेवढ्यात साडी येते. तमिळनाडूत बघा, तिथलं ईस्ट इंडिया लेदर म्हणून जे आहे, पूर्वी तरवडाच्या सालीत कमावायचे ते, त्या कमावलेल्या कातड्यालाच जीआय आहे. आपल्याकडे चप्पल नावारूपाला आली आणि कातडं मागे राहिलं.

घरी लेदरचं काम करते म्हटल्यावर काय ऐकावं लागतं तेही लिहिते. "ब्लाउज शिवतेस ते पुरे की, हे कसले धंदे" असं एका नातलग बाईंनी तोंडावर सांगितलं, आणि एकीनं त्याच्यापुढे जाऊन जातीचं नाव घेतलं. मला त्यांचं वाईट वाटलं त्यापेक्षा काकांचं जास्त वाटलं, कारण मी जे हौसेनं करते ते करणाऱ्या माणसाला ह्याच गावांनी पिढ्यान्‌पिढ्या वेशीबाहेर ठेवलं. आणि हे कणकवलीत ऐकावं लागावं! गांधीजींचे अनुयायी अप्पासाहेब पटवर्धनांनी इथेच १९४८ मध्ये गोपुरी आश्रम काढला, मेलेल्या जनावराचं कातडं सोडवण्यापासूनची कामं स्वतःच्या हातांनी केली, लोकांचे बहिष्कार सोसले. गांधीजी दक्षिण आफ्रिकेत टॉलस्टॉय फार्मवर चपला शिवायला शिकले होते, आणि स्वतः बनवलेली एक जोडी त्यांनी, त्यांना ज्यांनी तुरुंगात टाकलं त्या तिथल्या सरकारातल्या जनरल स्मट्सना भेट दिली. हे शाळेत मुलांना सांगायला काय हरकत आहे. शहरांत आता लेदरक्राफ्टचे वीकेंड वर्कशॉप होतात, फी भरपूर असते, शिकणारे शिकवणारे सगळे छान इंग्रजी बोलणारे, आणि मला त्याचा राग नाही, शिकू देत सगळ्यांना. पण तीच रापी, तीच टीप, आणि शिकवायच्या खुर्चीवर चर्मकार समाजातला कारागीर मला अजून बघायला मिळालेला नाही. त्याच्याकडे चप्पल दुरुस्तीला द्यायची आणि विद्या मात्र व्हिडिओवरून घ्यायची हे मला पटत नाही.

केंद्राची पीएम विश्वकर्मा योजना २०२३ मध्ये आली, १८ धंदे आहेत त्यात चर्मकारही आहेत, ट्रेनिंगच्या दिवसाला ५०० रुपये आणि अवजारांसाठी १५ हजारापर्यंत मिळतात. चांगली गोष्ट आहे, कारागिरांनी घ्यावी. पण त्यात कारागीर शिकायला बसतो. माझी मागणी आहे की त्याला शिकवायला बसवा आणि त्याचे पैसे द्या. संत रोहिदास चर्मोद्योग व चर्मकार विकास महामंडळ, म्हणजे लिडकॉम, १९७४ पासून आहे, त्यांना माझी विनंती आहे की कोल्हापूरच्या सालीच्या कातड्याचे एक चौरस फूट, दोन चौरस फूट असे तुकडे, जाडी लिहून, कुठल्या जनावराचं आहे ते लिहून, कशात कमावलंय ते लिहून विकायला ठेवा. जनावराचं लिहाच, कारण लोक मला पहिला प्रश्न तोच विचारतात, आणि म्हशीचं किंवा बकऱ्याचं आहे हे कागदावर दिसलं की पुढचं बोलणं सोपं होतं. पाकिटाला सव्वा मिलिमीटर लागतं, चपलेला त्याच्या दुप्पट-तिप्पट, तर काही कातडी मशीनवर चिरून पातळ करून द्या, ते घरी होत नाही. आणि तालुक्याच्या गावी, जिथे जागा मिळेल तिथे, शनिवार-रविवारचे वर्ग घ्या, ज्यात शिकवणारा रापी चालवणारा माणूस असेल आणि कोल्हापुरात वेण्या घालणाऱ्या, पट्टे शिवणाऱ्या ज्या बायका आहेत त्याही असतील, त्यांची नावं तर कुणालाच माहीत नसतात. फी शिकणाऱ्यांकडून घ्या, आम्ही देऊ, शिवणाच्या क्लासला देतोच की.

शिवणकाम येणाऱ्या बायका गावोगाव आहेत, रेडिमेडमुळे त्यांचं काम कमी होत चाललंय. माप घेणं, कापणं, शिवणीची जागा सोडणं हे त्यांना येतं, नवीन काय ते कातडं ओळखणं आणि कडा करणं. पाकीट, चष्म्याचं घर, किल्ल्यांची पिशवी एवढं जरी करायला लागल्या तरी कोल्हापूरच्या कातड्याला चपलेशिवाय दुसरं गिऱ्हाईक तयार होईल आणि चप्पल कापताना जे तुकडे उरतात तेही विकले जातील. चपलेचा तळ कापल्यावर उरलेल्या तुकड्यात कार्ड ठेवायचं छोटं पाकीट आरामात बसतं, मी करून बघितलंय, कार्डांचं पाकीट फार तर १०० बाय ८० च्या दोन-तीन तुकड्यांत होतं.

कोल्हापूर, अथणी, निपाणी भागातल्या कुणा कारागिरानं हे पत्र वाचलं आणि त्यांच्याकडे असे पातळ तुकडे विकायला असतील तर त्यांनी पेपरकडे कळवावं, आपण ते छापावं ही विनंती, मी आणि माझ्या ओळखीच्या तिघी-चौघी लगेच घेऊ, एसटीच्या पार्सलनं आलं तरी चालेल. संपादक साहेब, पत्र लांबलंय ह्याची कल्पना आहे, जागा कमी पडली तर नोटांची मापं आणि शिवणीचा भाग कमी करा पण तुकड्यानं कातडं विकायची आणि कारागिरांना शिकवायला बसवायची मागणी तेवढी पूर्ण छापा.

आपली,
एक शिलाईकाम करणारी वाचक, कणकवली, जि. सिंधुदुर्ग